पाच कोटींचा देश तोफा विकतो: दक्षिण कोरियाला हे जमलं कसं?

रेडियल_ड्रिल

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र आहे, हा पहिलाच धागा, काही चुकलं तर सांभाळून घ्या.

भोसरीत माझं वर्कशॉप आहे. दोन सीएनसी, एक व्हीएमसी आणि वडिलांच्या काळातलं रेडियल ड्रिल. बहुतेक काम गाड्यांच्या पार्टचं. पण मध्ये दोनेक वर्षं एका गिऱ्हाइकाकडून संरक्षणाचं जॉबवर्क मिळालं होतं. पितळेचा एक भाग, करंगळीच्या पेराएवढा, पण टॉलरन्स (मापात चालणारा फरक) असा की पहिल्या महिन्यात निम्मा माल इन्स्पेक्शनला जायच्या आधी आम्हीच बाजूला काढत होतो. काम बसायला आठ महिने गेले. माझ्या सेटरने, म्हणजे मशीन लावून देणाऱ्या कारागिराने, रात्री थांबून त्याचं फिक्श्चर (पार्ट घट्ट धरून ठेवायचा साचा) स्वतः बनवलं. आणि काम हाताला लागलं तशी ऑर्डर संपली. पुढची येणार, येणार म्हणत दोन दिवाळ्या गेल्या, सेटर चाकणला दुसरीकडे लागला, फिक्श्चर तेल लावून ब्राऊन पेपरमध्ये गुंडाळून रॅकवर पडलंय.

परवा वाचलं की दक्षिण कोरियाने २०२२ या एका वर्षात १७.३ अब्ज डॉलरच्या शस्त्रांचे करार केले. लोकसंख्या साधारण ५ कोटी १७ लाख, म्हणजे आपल्या महाराष्ट्राच्या निम्म्याहून कमी. १९५३ ला युद्ध थांबलं तेव्हा देश बेचिराख, १९७० पर्यंत साधी रायफलसुद्धा अमेरिकेकडून यायची. आणि आज पोलंडपासून ऑस्ट्रेलियापर्यंत त्यांच्या तोफा. हे नुसतं पैसा ओतून होतं का? की अमेरिकेचा हात डोक्यावर होता म्हणून? जाणकारांनी सविस्तर लिहा प्लीज, मला खरंच समजून घ्यायचंय.

मृण्मयी_के

छान विषय. वाचतेय. पुढील भागाच्या प्रतीक्षेत.

आकडेमोड

आधी पैशाचं बघू. २०२५ चं त्यांचं संरक्षण बजेट ६१.२ लाख कोटी वॉन, आपल्या रुपयात पावणेचार लाख कोटींच्या आसपास. आपलं २०२५-२६ चं ६.८१ लाख कोटी, पेन्शन धरून. म्हणजे एकूण रक्कम आपली मोठी, पण माणशी बघा: आपल्याकडे पाच हजाराच्या आत, त्यांच्याकडे सत्तर हजाराच्या वर. जीडीपीच्या मानाने तरीही ते अडीच टक्क्यांच्या आसपासच आहे, कारण अर्थव्यवस्थाच तेवढी वाढली.

पण सुरुवातीला असं नव्हतं, तेव्हा पोटाला चिमटा काढून केलं. जानेवारी १९६८ मध्ये उत्तर कोरियाचे ३१ कमांडो राष्ट्राध्यक्षांना मारायला सोलमध्ये थेट त्यांच्या निवासस्थानाजवळ पोचले. पुढच्या वर्षी अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन यांनी जाहीर केलं की आशियातल्या देशांनी आपापलं बघावं, आणि १९७१ मध्ये अमेरिकेने आपले वीस हजार सैनिक तिथून काढून नेले. तेव्हा राष्ट्राध्यक्ष पार्क चुंग-ही यांनी ठरवलं की आपलं आपण करायचं. १९७० मध्ये संरक्षण संशोधन संस्था काढली. १९७५ मध्ये चक्क संरक्षण कर बसवला आणि तो १९९० पर्यंत चालू होता. पंधरा वर्षं! रेडियल_ड्रिल, तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर मला या पंधरा वर्षांत दिसतं. रक्कम किती यापेक्षा ती दरवर्षी येणार ही खात्री होती.

शंका_आहे

असहमत. अमेरिकेचा हात होता म्हणूनच जमलं. आजही तिथे २८,५०० अमेरिकी सैनिक आहेत, युद्ध झालं तर कोरियन सैन्याची सूत्रं अमेरिकी जनरलच्या हातात जाणार हे अजून बदललेलं नाही. के-१ रणगाड्याचं डिझाइन अमेरिकन कंपनीने करून दिलं, टी-५० विमान लॉकहीड मार्टिनबरोबर, एफ-१६ जुळवायला मिळालं. आपल्याला कोण देत होतं असं? आपल्यावर १९९८ नंतर निर्बंध होते हे विसरू नका.

आणि पार्क चुंग-ही हुकूमशहा होता. कारखान्यांना बोलावून 'तू तोफा कर, तू जहाजं कर' असं सांगायचा. लोकशाहीत हे चालत नाही.

देवळालीवाला

राम राम मंडळी. मी तोफखान्यातून निवृत्त, आता नाशकात असतो. राजकारणातलं मला फार कळत नाही, तोफेचं सांगतो.

९ नोव्हेंबर २०१८ ला देवळालीला कोरियाची के-९ वज्र तोफ आपल्या सैन्यात दाखल झाली, सोबत अमेरिकन एम-७७७ पण होती. आम्ही जुनी माणसं लांबून बघत होतो. मी आयुष्यभर ओढायच्या तोफेवर काम केलं. गाडीला जोडा, न्या, सोडवा, जमिनीत रोवा, पाय उघडा, सगळं पथक घामाघूम होतं तेव्हा पहिला गोळा जातो. आणि ही ४७ टनांची तोफ रणगाड्यासारखी आपल्या पट्ट्यांवर चालत येते, थांबते, नळी वर करते, गोळा सोडते आणि शत्रूने जागा हेरायच्या आत तिथून निघूनही जाते. माझ्याशेजारी एक नायब सुभेदार उभा होता, तो नुसता म्हणाला, "साहेब, आपली पाठ वाचली असती." दोघांच्याही कमरेला पट्टा होता त्या दिवशी.

ही तोफ वाळवंटासाठी म्हणून घेतली होती, नंतर हिवाळी किट लावून लडाखला चढवली. तेव्हा कोरियाचा माल चांगला आहे यात मला शंका नाही.

कृष्णाकाठ

देवळालीवाला काका, नमस्कार तुम्हाला.

थोडं अवांतर, पण राहवत नाही. कोरियाशी आपलं नातं तोफेच्या कितीतरी आधीचं आहे. १९५३ मध्ये युद्ध थांबल्यावर मायदेशी परत जायला नकार देणाऱ्या हजारो युद्धकैद्यांचं करायचं काय हा प्रश्न होता. त्यांना सांभाळायला भारताने सैन्य पाठवलं आणि त्याचं नेतृत्व आमच्या कोल्हापूरच्या जनरल एस. पी. पी. थोरातांनी केलं. छावण्यांमध्ये कैदी आपसात मारामाऱ्या करायचे, एकदा तर आपल्याच एका मेजरना ओलीस धरलं होतं, तेव्हा थोरात स्वतः आत गेले आणि त्यांना सोडवून आणलं. आमच्याकडे जुनी माणसं अजून सांगतात. त्याच्या आधी, १९५० पासून, आपली ६० पॅरा फील्ड अॅम्ब्युलन्स तिथे जखमींवर उपचार करत होती.

चांगवॉनची_स्नेहा

अय्या, कोरियावर धागा आणि मला आत्ता दिसतोय! मी सहा वर्षं चांगवॉनला राहते, नवऱ्याची नोकरी इथे. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, हे कोरियाच्या दक्षिण टोकाला असलेलं गाव. १९७४ मध्ये शेतजमिनीवर आखून वसवलेलं, मुद्दाम सीमेपासून शक्य तेवढं लांब. के-९ तोफ इथे बनते आणि के-२ रणगाडाही इथेच, मधून एक सरळसोट रस्ता जातो आणि दोन्ही बाजूंना झाडी, झाडीमागे कारखाने. रणगाडे करणारी कंपनी मेट्रोचे डबेसुद्धा करते, दिल्ली मेट्रोच्या सुरुवातीच्या गाड्यांमध्ये त्यांचा वाटा होता.

तुम्ही सगळे कंपन्यांबद्दल लिहिताय, मला एक वेगळी गोष्ट सांगायची आहे. आमच्या घरमालकीणबाईंचा मुलगा मागच्या वर्षी सैन्यात गेला. सक्तीच आहे इथे, प्रत्येक मुलाला, भूदलात अठरा महिने. जायच्या आदल्या दिवशी त्याने डोकं भादरून घेतलं आणि जिन्यात मला भेटला तर लाजून टोपी ओढून घेतली. बाई दुसऱ्या दिवशी त्याला प्रशिक्षण केंद्राच्या दारात सोडून आल्या आणि आल्या आल्या स्वयंपाकघरात शिरल्या, तो नसताना त्याच्या आवडीची किमची-जिगे करून बसल्या. मी वाटी घेऊन गेले होते तर म्हणाल्या, याच्या वडिलांना तीस महिने जावं लागलं होतं, याला अठराच, मी रडणार नाही. आणि रडल्या. मी पण.

बजेटच्या आकड्यात हे येत नाही. अगदी अलीकडेपर्यंत या मुलांना पगार म्हणून हातखर्चाएवढे पैसे मिळायचे, २०२५ मध्ये शेवटच्या टप्प्यातल्या शिपायाला महिना १५ लाख वॉन झालेत. म्हणजे इतकी वर्षं त्या देशाचा संरक्षण खर्च कागदावर कमी दिसला कारण पोरांचं वय फुकट वापरलं. मला वाटतं ही बाजू पण मोजायला हवी.

पर्पल_हार्ट_पुणे

स्नेहाताई, बीटीएस बँडमधले जिमिन आणि जंगकूकसुद्धा गेले होते! जिन डिसेंबर २०२२ मध्ये पहिला गेला, जून २०२५ पर्यंत सगळे सुटले. मी आणि माझ्या मैत्रिणी कॅलेंडरवर खुणा करत होतो. जिन ज्या दिवशी सुटला त्या दिवशी कॉलेजला दांडी मारली आम्ही. जे-होपने तर तोफखान्याच्या नाही पण ट्रेनिंग देणाऱ्या तुकडीत काम केलं.

बाकी तुमची घरमालकीण वाचून खूप वाईट वाटलं 😢

देवळालीवाला

पोरी, ज्यांच्यासाठी खुणा करत होतीस त्यांच्या आयाही तशाच खुणा करत असणार. माझी बायको करायची.

जुना_पाषाणकर

मी पुण्यात संरक्षण संशोधनातच नोकरी केली, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, त्यामुळे जे सगळ्यांना ठाऊक आहे तेवढंच लिहितो. शंका_आहे यांच्या प्रतिसादाला हे उत्तर समजा.

तंत्रज्ञान अमेरिकेने दिलं हे अर्धसत्य आहे. तितकंच अडवलंही. नोव्हेंबर १९७१ मध्ये कोरियन संशोधकांना आदेश मिळाला की वर्ष संपायच्या आत रायफल, उखळी तोफ, हातबॉम्ब, सुरुंग यांचे नमुने करून दाखवा. ड्रॉइंग मिळेनात म्हणून त्यांनी अमेरिकन शस्त्रं सुटी करून प्रत्येक तुकडा मोजला आणि ड्रॉइंग उलटं काढलं. नमुने झाले, काही धड चालले काही नाही, पण झाले. १९७८ मध्ये पहिलं क्षेपणास्त्र उडवलं तर १९७९ मध्ये अमेरिकेने १८० किलोमीटरची मर्यादा घातली. ती २००१ मध्ये ३०० झाली, २०१२ मध्ये ८००, आणि मे २०२१ मध्ये पूर्ण उठली. बेचाळीस वर्षं! त्यात १९८० नंतर नव्या राजवटीने संशोधन संस्थेतल्या शेकडो लोकांना घरी पाठवलं. मग १९८३ मध्ये रंगूनला बॉम्बस्फोटात कोरियाचे मंत्री मारले गेले तेव्हा क्षेपणास्त्रांचं काम पुन्हा सुरू झालं. केएफ-२१ विमानासाठी २०१५ मध्ये अमेरिकेने रडारसकट चार तंत्रज्ञानं द्यायला साफ नकार दिला. त्यांनी एसा रडार स्वतः केलं आणि १९ जुलै २०२२ ला ते विमान उडालं. इंजिन मात्र अजून जनरल इलेक्ट्रिकचंच, एफ-४१४, तेच आपण तेजस मार्क-२ साठी घेतोय. इंजिनाच्या बाबतीत ते आणि आपण एकाच रांगेत उभे आहोत.

आता मुद्द्याचं. आमच्या क्षेत्रात सगळ्यात अवघड दिवस पहिल्या चाचणीचा नसतो. तो दिवस कसाही निभावतो, सगळे जीव लावून काम करतात. अवघड असतं ते नंतर, वापरणारा म्हणतो हे नको, अजून सुधारून आणा, आणि तुम्ही वर्षानुवर्षं सुधारत बसता पण उत्पादन सुरू होत नाही. कोरियन लष्कराने पहिली आवृत्ती पदरात घेतली. के-९ वर १९८९ मध्ये काम सुरू झालं, १९९९ मध्ये सैन्यात आली, आणि पुढची वीस वर्षं न थांबता बनत राहिली, अकराशेच्या वर झाल्या. दोष निघाले नाहीत असं अजिबात नाही. २३ नोव्हेंबर २०१० ला उत्तर कोरियाने योनप्योंग बेटावर गोळे टाकले, चार माणसं गेली, तेव्हा तळावरच्या सहा के-९ पैकी सुरुवातीला तीनच मारा करू शकल्या. केवढी नामुष्की. त्यांनी तोफ रद्द केली नाही, दुरुस्त केली. के-२ रणगाड्याचा देशी गिअरबॉक्स टिकाऊपणाच्या चाचणीत पुन्हा पुन्हा नापास झाला, तर तेवढा जर्मनीचा घेतला, इंजिन स्वतःचं ठेवलं, आणि रणगाडा थांबवला नाही.

आपली एटॅग्स तोफ बघा. सप्टेंबर २०२० मध्ये पोखरणला चाचणीत नळी फुटली, माणसं जखमी झाली. ३०७ तोफांचा करार मार्च २०२५ मध्ये झाला. पाषाणच्या प्रयोगशाळेत जन्मलेली ही तोफ, माझ्या ओळखीच्या पोरांनी तिच्यावर केस पांढरे केले. मला त्यांच्यासाठी फार वाटतं.

रेडियल_ड्रिल

पाषाणकर काका, हात जोडून नमस्कार. 'न थांबता बनत राहिली' हे वाक्य मी माझ्या मुलाला वाचून दाखवलं.

आकडेमोड

काकांच्या मुद्द्याला पुरवणी. आपली वज्र. मे २०१७ मध्ये १०० तोफांचा करार, सुमारे ४,५०० कोटी. हजिऱ्याला जुळणी, सुटे भाग गुजरात, महाराष्ट्र, कर्नाटक, तमिळनाडूतल्या शेकडो पुरवठादारांकडून. शंभरावी तोफ फेब्रुवारी २०२१ मध्ये दिली, वेळेच्या आधी. पुढच्या शंभरचा करार कधी झाला? डिसेंबर २०२४, ७,६२९ कोटी. मधली जवळपास चार वर्षं नवी ऑर्डर नाही. दोन्ही करारांत काय काय धरलंय ते वेगळं असू शकतं म्हणून किमतीची थेट तुलना करत नाही, पण त्या चार वर्षांत छोट्या पुरवठादाराने काय करायचं? तोफ तीच, कोरियाची. फरक त्या चार वर्षांचा आहे.

वॉर्सा_वारी

पोलंडमधून. मी इथे आयटीत आहे पण २०२२ चं सगळं डोळ्यांसमोर घडलं म्हणून लिहितो. युक्रेनवर हल्ला झाला तेव्हा पोलंडने आपले जुने टी-७२ रणगाडे आणि स्वतःच्या क्राब तोफा तिकडे दिल्या (क्राबचा सांगाडाही कोरियाच्या के-९ चाच बरं का). घर रिकामं झालं. भीती इतकी की ऑफिसमधले लोक जेवणाच्या सुट्टीत तळघर कुठे आहे ते बघून आले. बाकीचे देश वर्षांच्या गोष्टी करत होते, कोरियाने ऑगस्टमध्ये करार केला, १८० के-२ आणि २१२ के-९, आणि डिसेंबरमध्ये पहिला माल ग्दिनिया बंदरात उतरला. टीव्हीवर थेट दाखवत होते, बर्फ पडत होता, राष्ट्राध्यक्ष स्वतः बंदरावर. माझी शेजारीण सत्तरीची आहे, ती ते बघताना कपाटातून चेरीची नालेफ्का (घरगुती दारू) काढून सगळ्यांना थेंब थेंब देत होती.

चार महिन्यांत कसं शक्य झालं? कारण लाइन चालूच होती, आपल्या सैन्यासाठी बनत असलेल्यातला माल त्यांनी आधी इकडे वळवला. ज्याची भट्टी विझलेली आहे त्याला हे करता येत नाही.

पण फुकट नाही हं. बराचसा पैसा कोरियाच्याच सरकारी बँकेने कर्जाऊ दिला आणि मग बँकेची मर्यादा संपत आली, तेव्हा २०२४ मध्ये कायदा बदलून तिचं भांडवल १५ वरून २५ लाख कोटी वॉन करावं लागलं. पोलंड आता जीडीपीच्या चार टक्क्यांहून जास्त संरक्षणावर घालतोय. हे किती वर्षं झेपेल याची इथे रोज चर्चा असते.

शंका_आहे

पाषाणकर काका, क्षेपणास्त्र मर्यादेचं मला माहीत नव्हतं. 'अमेरिकेमुळेच' हे माझं वाक्य मागे घेतो. पण दोन गोष्टींवर ठाम आहे.

एक, भ्रष्टाचार. २०१४ मध्ये सेवोल फेरी बुडाली, तीनशेच्या वर जीव गेले, बहुतेक शाळकरी मुलं. नौदलाकडे तोंगयोंग नावाचं नवंकोरं बचाव जहाज होतं आणि ते नेता आलं नाही, कारण त्यावरचा सोनार मासे शोधायच्या लायकीचा निघाला. वीस कोटी वॉनच्या आसपासची वस्तू ४१० कोटी वॉनला घेतली होती. खरेदीसाठी वेगळी स्वतंत्र संस्था २००६ मध्येच काढलेली असताना हे झालं. तेव्हा सगळं आदर्श आहे असं चित्र नको. देजॉनच्या दारूगोळ्याच्या कारखान्यात २०१८ आणि २०१९ मध्ये स्फोट झाले, आठ कामगार गेले. आपल्याकडे खडकी, भंडारा, वरणगाव, चांदा, जिथे जिथे असे कारखाने आहेत तिथल्या घरांना हे वेगळं सांगायला नको.

दोन, हा माल शेवटी माणसं मारायला आहे. निर्यातीचा आकडा वाढला म्हणून टाळ्या वाजवताना माझा हात अडखळतो. वॉर्सातल्या आजींचं मला पटतं, पण विकणारा प्रत्येक वेळी पोलंडलाच विकत नाही.

चांगवॉनची_स्नेहा

शंका_आहे, तोंगयोंगचा विषय निघाला की इथे लोक अजून गप्प होतात. आणि दुसऱ्या मुद्द्याबद्दल, इथेही वाद आहे. युक्रेनला थेट मारक शस्त्रं द्यायची नाहीत हे सरकारी धोरण कायम राहिलं आणि त्यावर दोन्ही बाजूंनी मोर्चे निघाले.

अजून एक. पुढे तोफा चालवायला मुलं कुठून आणणार? २०२३ मध्ये इथला जननदर ०.७२ होता. आमच्या इमारतीत अठ्ठावीस घरं आहेत, लहान मूल एकाच घरात, ते आमचं. लिफ्टमध्ये आजीबाई त्याच्या हातात संत्रं ठेवतात. सैन्याची संख्या घटत साडेचार लाखांवर आली आहे. कारखाने नव्या ऑर्डरींनी भरलेत आणि बराकी रिकाम्या होताहेत.

कृष्णाकाठ

संत्र्याचं वाचून गलबललं.

देवळालीवाला

शंका_आहे साहेब, तुमचा हात अडखळतो ते बरोबरच आहे. आमचाही अडखळायचा, सरावातसुद्धा. पण समोरून गोळा येत असताना आपली तोफ बंद पडली तर काय होतं तेही मी पाहिलंय, ते कुणाच्या वाट्याला येऊ नये. गोळ्याचा फ्यूज (गोळा फोडणारा टोकाचा भाग) हातात घेतला की मी नेहमी बोट फिरवून बघायचो. हा कुणी केला असेल, कुठल्या गावात, हे मनात यायचं. एकही भेटला नाही आजवर.

रेडियल_ड्रिल

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. माझ्यापुरतं उत्तर मिळालं. टक्केवारी किती, डोक्यावर हात कुणाचा, याच्या आधी माझ्यासारख्याला एकच विचारायचं असतं, की पुढच्या वर्षी काम आहे का. असेल तर मी सेटरला सांभाळेन, मुलाला इंजिनिअरिंगनंतर इथेच बसवेन, नवा गेज घेईन. कोरियातल्या माझ्यासारख्या माणसाला वीस वर्षं 'हो' ऐकायला मिळालं. शंका_आहे यांनी स्फोटाचं लिहिलं ते मात्र माझ्या डोक्यातून जात नाहीये, कारण आमचा भाग पुढे जिथे भरला जातो तिथेही माणसंच बसलेली असतात. आम्ही बुर (कडेला राहणारं धातूचं कुसळ) राहू देत नव्हतो ते त्यांच्यासाठीच.

काल दुकान बंद करताना फिक्श्चर खाली काढलं. गंज नाही. सेटरला फोन केला, म्हणाला शेठ, डावीकडच्या पिनवर एक खूण केली होती ती आहे का बघा. आहे.

देवळालीवाला काका, तो फ्यूज करणाऱ्यांपैकी एक मी असू शकतो हो. पुण्याला आलात तर भोसरीला या. फक्त गुरुवारी नको, आमच्याकडे गुरुवारी वीज-सुट्टी असते. शुक्रवारी या, मशीन चालू असतील.

देवळालीवाला

मुलगी पिंपळे सौदागरला आहे. येत्या शुक्रवारी अकरा वाजता. चहा बिनसाखरेचा.